गव्हाची हद्दपारी

रोज प्रातःकाळी सात वाजता, ज्या वेळी वसईतील सुजाण गृहस्थ चहाचा दुसरा पेला संपवून वर्तमानपत्राच्या शेवटच्या पानावर आलेले असतात आणि ज्यांच्या नशिबी अद्याप चाकरी आहे ते वसई रोड स्टेशनाच्या जिन्यावर धापा टाकीत असतात, त्या वेळी मी उजव्या हातात भिंग आणि डाव्या हातात पुठ्ठ्याचा एक रंगीत डबा धरून, एक डोळा मिटून, खिडकीपाशी उभा असतो. समोरच्या इमारतीत नव्याने राहावयास आलेल्या बिऱ्हाडाची अशी समजूत झाली होती की, मी जुन्या नाण्यांचा अथवा हिऱ्यांचा पारखी असावा. पुढे त्यांच्या धाकट्या चिरंजीवांनी एके दिवशी धीर करून विचारले, ‘आजोबा, डब्यावर काय शोधता?’

‘गहू.’

‘सापडला?’

‘अजून नाही, पण तो आहे ह्यातच.’

त्या दिवसापासून त्या घरची मंडळी जिन्यात मला वाट देऊन बाजूस उभी राहतात. आणि ती आदरापोटी राहतात असे मानण्याइतका मी आता भोळा राहिलेलो नाही.

वस्तुतः तपासणी हा माझा पिढीजात नसला तरी पोटाचा धंदा. चौतीस वर्षे मी सरकारी कोषागारात दुसऱ्यांची बिले तपासली. कोणत्या पावतीवर तिकीट नाही, कोणत्या भत्त्याला मंजुरी नाही, कोणत्या साहेबांचा चहा ‘किरकोळ’ ह्या सदराखाली बिनबोभाट सरकारच्या पोटात गेला आहे, हे मला कागद हातात घेताच कळे, आणि मजकूर चहा मी त्या सदरातून कान धरून बाहेर काढीत असे. पुढे सेवानिवृत्तीनंतर त्याच ‘किरकोळ’ सदराने माझ्यावर असा सूड उगवावा, हा केवळ दैवदुर्विलास.

त्याचे झाले असे की, दोन वर्षे माझ्या रक्तातील लोह वर येईना. गोळ्या झाल्या, खजूर झाला, बीट झाले, सौभाग्यवतींनी माळ्यावरची लोखंडी कढई उतरवून तीत वरणापासून शिऱ्यापर्यंत सर्व काही शिजविले. परंतु माझ्या हिमोग्लोबीनचा आकडा सरकारी पगारवाढीप्रमाणे जागच्या जागी. शेवटी एका तरुण डॉक्टरांना माझ्या आतड्यांचा संशय आला. ही बातमी फुटताच शेजारच्या एका विद्वानाने ‘गहू सोडा, सगळे ठीक होईल’ असा सल्ला दिला आणि मी तो आठ दिवस निष्ठेने पाळून, ही गोष्ट डॉक्टरांना मोठ्या अभिमानाने सांगितली.

‘अहो, हे काय करून बसलात?’ डॉक्टर म्हणाले. ‘चाचणी व्हायच्या आधी गहू सोडला, तर रक्तात पुरावाच राहत नाही. आता पुन्हा रोज पोळ्या खा, काही आठवडे. मग रक्त घेऊ.’

आरोपीने गुन्हा नीट शाबीत व्हावा म्हणून कोर्टाच्या देखरेखीखाली तो आणखी काही आठवडे करीत राहावा, असा हुकूम मी कोणत्याही संहितेत वाचलेला नव्हता. पण हुकूम तो हुकूम. मी पुऱ्या खाल्ल्या, शिरा खाल्ला, पुरणपोळ्या खाल्ल्या. आणि पानावरून उठताना दर वेळी ‘पुरावा, पुरावा’ असे पुटपुटत राहिलो. रक्ताने यथास्थित कबुलीजबाब दिला. तेवढ्याने समाधान न होऊन घशातून एक नळी आत धाडण्यात आली आणि आतड्याचा एक सूक्ष्म तुकडा पंचनाम्यासाठी काढून नेण्यात आला. निष्पन्न असे झाले की, लहान आतड्याच्या आतल्या अंगाला जी मखमलीसारखी लव असते आणि जी अन्नातले सत्त्व, त्यात लोहही आले, शोषून घेते, ती माझ्या बाबतीत जुन्या गालिच्यासारखी झडून गेली होती. ह्या विकाराला सिलिअॅक म्हणतात. गव्हात, जवात आणि राय नावाच्या धान्यात ग्लुटेन म्हणून एक चिकट प्रथिन असते. कणीक मळताना जी लवचीक होते ती त्याच्याच प्रतापाने. माझ्या शरीराने ह्या सुस्वभावी द्रव्याला शत्रू मानून त्याच्याशी युद्ध आरंभिले होते, आणि त्या धुमश्चक्रीत स्वतःचाच मुलूख बेचिराख करून टाकला होता.

‘तर गहू, जव आणि राय बंद,’ डॉक्टर म्हणाले. रायबद्दल मला फारसे दुःख झाले नाही. ते धान्य मी जन्मात पाहिलेले नव्हते.

‘किती दिवस?’

‘दिवस कसले? जन्मभर.’

‘सणावाराला थोडेसे…?’

‘कणभरसुद्धा नाही.’

दिल्लीकडे झालेल्या पाहणीत हा विकार साधारणतः शंभरात एकाला आढळला आणि एकंदरीत तो उत्तरेच्या गहू खाणाऱ्या मुलखात अधिक, असे डॉक्टरांनी सांगितले. माझ्या ज्ञात पूर्वजांपैकी काशीयात्रेखेरीज कोणीही नर्मदा ओलांडल्याचा दाखला नसताना, तिकडचे हे दुखणे वसईच्या भातखाऊ माणसाच्या पत्त्यावर कसे आले, हे मी पुष्कळदा विचारले. डॉक्टरांनी त्यावर आणखी तीन चाचण्या लिहून दिल्या, तेव्हा विचारणे सोडले.

घरातून गव्हाला हद्दपार करण्याचा हुकूम त्याच सायंकाळी सुटला. माझा तवा वेगळा, पोळपाट वेगळा, कालथा वेगळा, तेलाची किटलीसुद्धा वेगळी झाली. सौभाग्यवतींच्या मते मात्र ज्या जेवणात पोळी नाही ते जेवणच नव्हे; सबब त्यांच्या पोळ्या चालू राहिल्या, आणि मी समोर बसून, तहात किल्ला गमावलेल्या किल्लेदाराच्या मुद्रेने, दुरून त्यांचे दर्शन घेत राहिलो. पोळीचे दुःख एक वेळ सोसेल. पावाचे सोसवत नाही. आमच्या वसईत पाव हा पदार्थ नसून भूगोल आहे. पोर्तुगीज आले, त्यांनी किल्ला बांधला, चर्चे बांधली आणि पाव भाजला. १७३९ साली चिमाजी अप्पांनी मोठ्या शर्थीने किल्ला सर केला, फिरंगी गलबतांत बसून चालते झाले, परंतु पाव काही गेला नाही. मराठ्यांच्या समशेरीला जे साधले नाही ते माझ्यासारख्या पेन्शनराने साधून दाखवावे, अशी डॉक्टरांची अपेक्षा होती.

राहता राहिली न्याहारी. येथे आमच्या सूनबाई धावून आल्या. त्या गोरेगावी राहतात, आणि त्यांच्या मते रंगीत डब्यातून बाहेर पडते ते सर्व पथ्याचे असते. ‘बाबा, हे घ्या कॉर्नफ्लेक्स. मक्याचे आहेत. गव्हाचा संबंधच नाही,’ असे म्हणून त्यांनी चार डबे आणून मांडले. ‘कॉर्न’ म्हणजे मका एवढे इंग्रजी मलाही येते. ज्या माणसाने चौतीस वर्षे बिलाच्या मथळ्यावर कधी विश्वास ठेवला नाही, त्याने ह्या एका डब्याच्या मथळ्यावर मात्र डोळे मिटून सही केली.

आणि मला ते आवडलेही! १९९४ साली केलॉग कंपनीने तळोज्याला कारखाना घालून हे मक्याचे पोहे प्रथम मुंबईच्या बाजारात आणले, तेव्हा साहेब ते थंड दुधाशी कुरकुरीत खातो असे जाहिरातींतून परोपरीने सांगितले जात होते. आणि आपल्या लोकांनी, सकाळचे दूध तापविल्यावाचून पिण्याचा शिरस्ता नसल्यामुळे, त्यावर उकळते दूध ओतून त्यांची पहिल्या घासातच लापशी केली होती. मी त्याच परंपरेचा पाईक. वाफाळते दूध, वर दोन चमचे साखर, आणि हाताशी वसईचे सुकेळे. वास्तविक सुकेळे हे एकटेच उत्तम आणि निर्धोक न्याहारी होऊ शकते, हे तेव्हाही समोर दिसत होते. परंतु ते आमच्याच गावच्या केळ्याचे, उन्हात वाळविलेले आणि केळीच्याच सोपटात बांधलेले, त्यामुळे ते औषधी असेल अशी शंकाही कोणाला आली नाही.

तीन महिन्यांनी पुन्हा रक्त तपासले. आकडा जेथे होता तेथेच.

‘चोरून काही खाता का?’ डॉक्टरांनी विचारले.

‘छे! सकाळी कॉर्नफ्लेक्स, दुपारी भात, रात्री भाकरी.’

‘कॉर्नफ्लेक्सच्या डब्याची मागली बाजू वाचलीत?’

डब्याला मागली बाजू असते, हे मला तोवर ठाऊक नव्हते. पुढल्या बाजूस उगवता सूर्य, हसणारे कुटुंब आणि दुधाचा धबधबा. मागल्या बाजूस वाटेल तसे कोंबलेले, मुंगीच्या पावलांचे अक्षर. आमच्या शेजारी सोपाऱ्यास भगवानलाल इंद्रजींनी १८८२ साली स्तूप उकरला आणि त्याच सुमारास अशोकाच्या शिलालेखाचा तुकडाही तेथे हाती आला. ती ब्राह्मी अक्षरे दोन हजार वर्षे ऊनपाऊस खाऊनही लावता आली. ह्या डब्यावरील अक्षरे छापून सहा महिनेही झाले नव्हते. तरी मला चष्म्यावर भिंग आणि भिंगावर विजेची बॅटरी धरावी लागली. एवढ्या साधनसामग्रीनिशी वाचले तो मका, साखर, आणि त्यानंतर ‘सीरिअल एक्स्ट्रॅक्ट’. म्हणजे धान्याचा अर्क. कोणत्या धान्याचा? नाव नाही, गाव नाही, वल्दियत नाही! साक्षात ‘किरकोळ’ सदर! पुढे, जेथे पुठ्ठ्याची घडी पडून डबा चिकटविलेला असतो त्या खोबणीत, ‘जव’ एवढा एकच शब्द अंग चोरून बसलेला सापडला.

डॉक्टरांनी मग उलगडा केला. जवाला मोड आणावयाचे, ते वाळवून भाजावयाचे, की माल्ट तयार होते, आणि त्याचाच हा अर्क. आणि बहुतेक लोकप्रिय कॉर्नफ्लेक्सना ती जी खमंग, किंचित गोडसर चव असते ती मक्याची नसून ह्या माल्टचीच असते. मात्रा थोडी, पण माझ्या आतड्यांना तेवढी पुरे. हेच माल्ट आंबवून बिअर करतात. आमच्या देशात विलायती कंपनी येण्यापूर्वीपासून मक्याचे हे पोहे विकणाऱ्यांत मोहन मीकिन ही रम आणि बिअर गाळणारी नामांकित कंपनी होती, हे कळल्यावर तर माझ्या डोळ्यांसमोर अंधारी आली. ज्याने साहेबांच्या निरोपसमारंभातही लिंबाच्या सरबतावर भागविले, तो मी, तीन महिने रोज सकाळी, शुचिर्भूत होऊन, मद्याचा कच्चा माल चमच्याने खात होतो.

मूळ शोधावे तो आणखीच मनस्ताप. अमेरिकेत मिशिगन प्रांती बॅटल क्रीक येथील आरोग्यधामात, १८९४ साली, डॉक्टर जॉन हार्वी केलॉग आणि त्यांचे बंधू विल कीथ ह्यांच्या हातून शिजविलेले धान्य नजरचुकीने तसेच पडून राहिले, ते रुळांतून काढताच त्याचे पातळ पोहे पडले, आणि हा सारा व्यापार जन्मास आला. ते शिजविलेले धान्य कोणते? गहू. म्हणजे मका हा मागाहून आलेला दत्तक. घराण्याचा मूळ पुरुष गहूच.

ह्यानंतर मी कंपन्यांकडे जाबसाल सुरू केला. एका डब्यावर ‘आपल्या शंकांसाठी’ असा दूरध्वनीचा क्रमांक होता. पाऊण तास संगीत ऐकल्यावर एक अत्यंत मृदू आवाज आला.

‘आपल्या डब्यातला अर्क कोणत्या धान्याचा?’ मी विचारले.

‘सर, आमचे प्रॉडक्ट शंभर टक्के शाकाहारी आहे.’

‘बाई, गहूही शाकाहारीच असतो.’

‘हो सर, म्हणून आपण अगदी निश्चिंत राहा.’

‘ह्यात ग्लुटेन आहे काय?’

‘सर, ह्यात कोलेस्टेरॉल अजिबात नाही.’

‘जव आहे काय, जव?’

‘जीवनसत्त्वे आहेत ना सर! भरपूर आहेत. आमच्या सेवेला एक ते पाच ह्यांपैकी किती गुण द्याल?’

तेव्हा मी स्वतः मोठ्या दुकानात जाऊन समक्ष तपासणी करावयाचे ठरविले. तेथे न्याहारीच्या डब्यांची एक आख्खी गल्लीच होती. मी भिंग काढताच गणवेषातली एक मुलगी लगबगीने आली. ‘अंकल, काय हवंय?’ ‘ग्लुटेन-फ्री.’ तिने क्षणभर विचार केला. ‘शुगर-फ्री आहे. तेही फ्रीच आहे ना?’ पुढे मी एकेक डबा उलटा करीत गेलो. मुलांसाठीचे चॉकलेटी गोळे होते, त्यांत पहिला मान गव्हाच्या पिठाचा. ‘मल्टिग्रेन’ म्हणून जे होते ते सर्वपक्षीय मंत्रिमंडळासारखे, ज्यात नाचणी, बाजरी, ज्वारी ह्यांना शोभेची खाती आणि गृहखाते गव्हाकडे. म्यूसली हे स्विट्झर्लंडातील बिर्खर-बेनर नावाच्या डॉक्टराने रोग्यांसाठी काढलेले फळांचे पथ्य. येथे त्याच्या डब्यात बेदाण्यांच्या आडोशाने गव्हाचे पोहे बसलेले. तांदळाच्या कुरमुऱ्यांचा एक डबा पाहून आशा पालवली, तो त्यांनाही माल्ट फासलेले! ज्या तांदळाला घरी साधे मीठ पुरते, त्याला परदेशी जाताच ही असली संगत लागावी, ह्याचे मला फार वाईट वाटले.

ओट्सचे प्रकरण त्याहून नाजूक. ओट्स हा जातीने निर्दोष म्हणावा असा. परंतु तो शेतात, मळणीत, गोणीत आणि गिरणीत गव्हाच्याच शेजारी वाढतो, आणि त्या सहवासात गव्हाचे इतके कण घेऊन येतो की, ‘ग्लुटेनमुक्त’ असा खास दाखला असल्यावाचून त्याला दारात उभे करता येत नाही. शिवाय दाखला असूनही काही रोग्यांना तो सोसत नाहीच. दाखल्याचा कायदा पक्का आहे: किलोभर मालात वीस मिलिग्रॅमपेक्षा जास्त ग्लुटेन असता कामा नये. मी लगेच हिशेब केला. पन्नास हजारांत एक! कोषागारात आम्ही एवढी काटेकोर तपासणी केली असती, तर एकाही साहेबाचा प्रवासभत्ता मंजूर झाला नसता. असा दाखलेवाला एक डबा त्या गल्लीच्या टोकाला, सर्वांत वरच्या फळीवर होता. त्या मुलीने शिडी लावून तो काढला, मी किंमत वाचली, आणि तिने शिडी न हलवताच तो परत ठेवला.

सकाळी किल्ल्यात चिमाजी अप्पांच्या स्मारकापाशी आम्हा पेन्शनरांची बैठक भरते. तेथे मी एक चूक केली. माझे दुखणे सांगितले. तेव्हापासून ज्या मसलती चालल्या आहेत त्या पाहता, वसईच्या वेढ्याच्या वेळीही एवढ्या झाल्या नसतील. एक म्हणाले, ‘गव्हांकुरांचा रस घ्या, गव्हाचे दोष गहूच काढतो.’ दुसरे म्हणाले, ‘खपली गहू आणा. तो प्राचीन आहे, त्यात ग्लुटेन नसते.’ खपली हा गहूच, आणि प्राचीन असल्याने गुन्हा माफ होत असता तर वसईच्या किल्ल्यावर एवढा दारूगोळा खर्ची पडला नसता, हे मी त्यांना समजावून दिले. त्यांनी दुसऱ्या दिवशी खपलीची दोन किलोची पिशवी प्रेमाने आणून दिली. तिसऱ्यांनी माझ्याकडे करुणेने पाहत विचारले, ‘पण रवा चालत असेल ना? रवा काही गहू नव्हे.’ चौथे निवृत्त शिक्षक. त्यांनी बराच वेळ चिंतन करून सांगितले की, रोज थोडे थोडे खाऊन शरीराला सवय लावावी. त्यांनी अशाच प्रकारे तंबाखूची लावली होती.

मला खरा धीर दिला तो पापडीच्या आमच्या जुन्या गाडीतल्या मित्राने. तीस वर्षे आम्ही चर्चगेटच्या गाडीत एका बाकावर चौथी सीट आळीपाळीने भोगलेली. तो म्हणाला, ‘तुमचे काय घेऊन बसलात! आमच्याकडे हा प्रश्न रोमपर्यंत गेला आहे.’ कॅथलिक उपासनेतील पवित्र भाकरी गव्हाचीच असावी लागते; तेव्हा सिलिअॅकच्या भाविकाने काय करावे? २००३ साली रोमहून खलिता निघाला की, ज्यात भाकरी होण्यापुरते अत्यल्प ग्लुटेन राहिले आहे ती चालेल. ज्यात मुळीच नाही ती चालणार नाही. आणि ज्याला तीही सोसत नसेल त्याने केवळ द्राक्षारस घ्यावा. मला हा निवाडा फार प्रगल्भ वाटला. एवढे सांगून झाल्यावर मित्राने डबा उघडला आणि, ‘घ्या, काल घरी केले,’ म्हणून माझ्यापुढे मैद्याचे फुगे धरले.

तोवर सौभाग्यवतींनी आपल्या पद्धतीने प्रश्न सोडविला होता. साबुदाणा, वरी, राजगिरा, शिंगाडा. ह्यांपैकी कशातही ग्लुटेन नाही. म्हणजे आपल्या उपासाची यादी आणि माझ्या पथ्याची यादी, पोथी आणि तिची नक्कल असावी तशी जुळत होती. झाले! घरात रोज एकादशी सुरू झाली. महिनाभर मी ‘एकादशी अन् दुप्पट खाशी’ ह्या न्यायाने इतके उपास केले की, पाहुण्यांत माझी ख्याती झाली. एक मावशी तर नमस्कारासाठी वाकल्या. परंतु साबुदाण्याच्या खिचडीने माणसाच्या वृत्ती आणि आतडी दोन्ही हळूहळू स्थिर होत जातात. एके दिवशी मी हात जोडले. ‘मग पोहे करीत जाऊ?’ त्या म्हणाल्या. ‘ते तर आपलेच, तांदळाचे.’

आणि काय सांगू! कांदा, कोथिंबीर, ओले खोबरे, वर लिंबू. जगातील सर्व रंगीत डबे ह्या एका बशीवरून ओवाळून टाकावेत. सहा आठवडे मी सुखी होतो. मग रक्त तपासले. आकडा थोडा चढला होता. चढावयास हवा होता तेवढा नव्हे.

त्या रात्री मी भिंग घेऊन स्वयंपाकघरात शिरलो आणि मांडणीवरील प्रत्येक डबीची झडती घेतली. मीठ निर्दोष. हळद निर्दोष. मोहरीस संशयाचा फायदा. शेवटी हिंगाची पिवळी डबी हाती लागली. शुद्ध हिंग इतका उग्र असतो की, तो तसाच्या तसा कोणी वापरीत नाही. त्यात डिंक आणि पीठ मिसळून तो बांधतात. पीठ कशाचे? डबीवर स्पष्ट लिहिले होते, गव्हाचे. सहा आठवडे, रोज सकाळी, फोडणीच्या धुरातून, तो हद्दपार इसम वेषांतर करून राजरोस माझ्या पोह्यांत उतरत होता!

‘अहो, चिमूटभर तर घालते!’

‘पन्नास हजारांत एक!’ मी ओरडलो.

‘ते काही मला सांगू नका. हा हिंग माझ्या माहेरचा आहे. चाळीस वर्षे माझ्या आईने ह्याच दुकानाचा घातला. कोणाची आतडी झडली नाहीत.’

चाळीस वर्षांच्या संसारात मी एक शिकलो आहे की, प्रकरण माहेरच्या सदरात वर्ग झाले म्हणजे तपासणी अधिकाऱ्याने शेरा न मारता फाइल बंद करावी. दुसऱ्या दिवसापासून माझ्या पोह्यांना वेगळी, बिनहिंगाची, जरा रुसलेली फोडणी मिळू लागली.

तेव्हा वाटले, घावन करावे. तांदूळ आपला, दळण आपल्या डोळ्यांदेखत. पिठाच्या गिरणीत मी डबा पुढे करून म्हणालो, ‘ह्या दळणाआधी गहू दळला होता काय?’

गिरणीवाल्याने पिठाने पांढऱ्या झालेल्या पापण्या वर केल्या. ‘काका, गिरणी आहे ही. गव्हाचीच असते.’

‘मग तांदळावर तांदूळ कधी दळाल?’

‘सकाळी साडेसहाला या, पहिला नंबर. पण रात्रीचा शेवटचा गहूच असतो. दोन किलो तुमचे तांदूळ आधी फिरवू, जाते साफ होईल. मग तुमचे खरे दळण.’

‘आणि त्या आधीच्या दोन किलोंचे काय?’

‘त्यात गहू लागलेला. ते तुम्हांला चालणार नाही,’ तो दयार्द्र स्वरात म्हणाला. ‘ते मी ठेवून घेईन.’

मागे उभ्या असलेल्या बायांपैकी एकीने दुसरीला हळूच विचारले, ‘सोवळं आहे का हो ह्यांच्याकडे?’ दुसरी म्हणाली, ‘नाही, काहीतरी दाब आहे डोक्यावर.’ दुसऱ्या दिवशी साडेसहाला मी हजर झालो, तो माझ्याआधी सहा वाजल्यापासून एक आजी येऊन बसलेल्या. आणि त्यांच्या डब्यात सात किलो गहू.

परतीच्या वाटेवर, रिकाम्या हाताने आणि रिकाम्या पोटी, मी वाण्याच्या दुकानापाशी थबकलो. दिवाळी जवळ आली होती. चिवड्याच्या सामानाचे ढीग लागले होते आणि त्यांत एका साध्या प्लास्टिकच्या पिशवीत पिवळेधमक, चकचकीत मक्याचे पोहे होते. सूर्य नाही, हसणारे कुटुंब नाही. मी सवयीने भिंग लावले. पाठीमागे चिठ्ठी होती. घटक: मका. बस्स! एकच शब्द! चौतीस वर्षांच्या नोकरीत इतके स्वच्छ बिल माझ्यापुढे कधी आले नव्हते. माझे डोळे पाणावले.

‘काका, तळायचे असतात ते,’ वाणी म्हणाला.

तळण मला वर्ज्य नसले तरी ह्या वयात न्याहारीला तळण म्हणजे अतिरेक; शिवाय कॉर्नफ्लेक्स दुधातून खातात हे जगजाहीर असताना मी वाण्याचा उपदेश काय म्हणून ऐकावा? घरी येऊन मी वाडगाभर पोहे घेतले आणि त्यांवर उकळते दूध ओतले. पाच मिनिटे थांबलो. ते जसे होते तसेच. पुन्हा दूध उकळून ओतले. ज्या देशाने एके काळी ऊन दुधाने विलायती पोह्यांची घटकेत लापशी केली, त्याच देशाच्या दुधाला ह्या देशी पोह्यांनी दाद दिली नाही. वरून ते थोडे बुळबुळीत झाले, तेवढे पाहून मी भरला चमचा तोंडात घातला आणि निर्धाराने दाढ मिटली. आवाज सौभाग्यवतींना देवघरात ऐकू गेला. त्यांना वाटले, दारी कोणी नारळ फोडला.

दंतवैद्यांनी दाढेचे निखळलेले टोपण चिमट्यात धरून उजेडात पाहिले. ‘काय खाल्लेत?’

‘कॉर्नफ्लेक्स,’ मी म्हणालो.

त्यांनी परिचारिकेकडे पाहिले. परिचारिकेने छताकडे पाहिले. मग त्यांनी माझ्या तोंडात कापसाचे चार बोळे कोंबले, जबडा वर-खाली करून तपासला आणि, मला काही बोलता येण्याजोगे राहिलेले नाही ह्याची खात्री झाल्यावर, खांद्यावर हात ठेवून मायेने सांगितले, ‘आता पंधरा दिवस कडक काही खायचे नाही बरे का, काका. सकाळी न्याहारीला मस्तपैकी दुधात पाव बुडवून खात जा.’